लुईज ब्रूक्स : नटी, आणि मग लेखिका (वारंवार विचारले जाणारे प्रश्न)

मूकपटांच्या काळातल्या हॉलिवूडची ही अमेरिकन नटी आज दोन कारणांसाठी ओळखली जाते : कपाळावर सरळ कापलेल्या काळ्याभोर केसांचा तो चेहरा, आणि उतारवयात तिने लिहिलेले मोजके लेख. फोटो खूप जणांनी पाहिलेला असतो, लेख फार थोड्यांनी वाचलेले असतात. माझ्या मते तिचे मोठेपण त्या लेखांत अर्ध्याहून अधिक आहे, म्हणून खालच्या उत्तरांत लिखाणाला जास्त जागा दिली आहे.

लुईज ब्रूक्स मूळची कुठली?

अमेरिकेच्या मधोमध असलेल्या कॅन्सस राज्यातली. जन्म 14 नोव्हेंबर 1906, चेरीव्हेल नावाच्या छोट्या गावात. वडील लेनर्ड ब्रूक्स वकील होते आणि कामात बुडालेले असत. आई मायरा उत्तम पियानो वाजवायची. घरात पुस्तके भरपूर होती आणि मुलांना ती वाचायची पूर्ण मोकळीक होती. मुलांच्या मागे धावण्यात मात्र आईला रस नव्हता, आणि तसे ती लग्नाआधीच सांगून बसली होती. लुईजच्या हातून महागडा कप फुटला आणि ती कबुली द्यायला गेली, तर आई म्हणाली, बाख पाठ करत असताना मला त्रास देऊ नकोस. लुईजला या आईचा राग नव्हता. खरे बोलले तर शिक्षा होत नाही, हे ती या घरात शिकली. पुढे स्टुडिओच्या साहेबांसमोरही ती तशीच खरे बोलत राहिली, आणि तिथे मात्र शिक्षा झाली.

बालपणाची दुसरी बाजू काळोखी आहे. नऊ वर्षांची असताना शेजारच्या एका माणसाने तिच्यावर अत्याचार केला. पुढे कधीतरी तिने आईला हे सांगितले, तेव्हा आईने दोष मुलीलाच दिला. पुरुषांशी जन्मभर धड सूत का जुळले नाही, याचे मूळ ती स्वतः तिथे शोधत असे.

नाचाकडून सिनेमाकडे ती कशी आली?

1922 मध्ये, पंधराव्या वर्षी, ती न्यूयॉर्कला ‘डेनिशॉन’ या नृत्यसंस्थेत दाखल झाली. रूथ सेंट डेनिस आणि टेड शॉन हे दांपत्य ही संस्था चालवत असे आणि पुढे आधुनिक नृत्यात थोर ठरलेली मार्था ग्रॅहम तिथेच नाचत होती. ग्रॅहमला नाचताना बघून आपण अभिनय शिकलो, असे लुईज म्हणायची. 1924 मध्ये सेंट डेनिसबाईंनी तिला सगळ्यांसमोर काढून टाकले. आयुष्य चांदीच्या तबकात घालून कुणीतरी आपल्यापुढे धरावे अशी तुझी अपेक्षा आहे, असे त्यांचे शब्द होते. अठरा वर्षेही पूर्ण न झालेल्या मुलीला ते फार लागले.

त्यानंतर ब्रॉडवेवर ‘जॉर्ज व्हाइट्स स्कँडल्स’ हा नाचगाण्यांचा कार्यक्रम, मग लंडनच्या ‘कॅफे द पॅरी’मध्ये चार्ल्स्टन नाच, आणि 1925 मध्ये तशाच प्रकारचे ‘झिगफेल्ड फॉलीज’. त्याच उन्हाळ्यात ‘द गोल्ड रश’च्या निमित्ताने चार्ली चॅप्लिन न्यूयॉर्कला आला होता आणि दोघांचे काही आठवड्यांचे प्रेमप्रकरण झाले. वर्ष संपायच्या आत तिने पॅरामाउंट या चित्रपट कंपनीशी पाच वर्षांचा करार केला. सुरुवातीचे चित्रपट न्यूयॉर्कमधल्या अ‍ॅस्टोरिया स्टुडिओत झाले. कॅलिफोर्नियाला ती नंतर गेली, आणि त्या गावावर तिचा जीव कधीच बसला नाही.

ते केस स्टुडिओने ठरवले होते का?

नाही. ती तसे केस लहानपणापासून ठेवायची, सिनेमाने ते जगभर नेले. पुढे अ‍ॅना करीना, लायझा मिनेली आणि इटालियन चित्रकथेतली व्हॅलेन्टिना अशा कितीतरी रूपांत ते दिसत राहिले. या प्रश्नावर याहून अधिक वेळ घालवावा असे मला वाटत नाही.

पॅरामाउंटशी तिचे कशावरून बिनसले?

पैशावरून, आणि त्याहून जास्त वागणुकीवरून. 1928 मध्ये तिचे दोन चांगले चित्रपट आले होते : हॉवर्ड हॉक्सचा ‘अ गर्ल इन एव्हरी पोर्ट’ आणि विल्यम वेलमनचा ‘बेगर्स ऑफ लाइफ’. दुसऱ्यात ती मुलाच्या वेशात मालगाड्यांवरून भटकणारी फरारी मुलगी आहे. करारानुसार तिचा पगार वाढायचा होता. पण बोलपट नुकते आले होते, आणि तुमचा आवाज चालेल की नाही कोण जाणे, असे म्हणून स्टुडिओ नटनट्यांची ठरलेली वाढ रोखत होते. निर्मितीप्रमुख बी. पी. शुलबर्गने तिला सांगितले, आठवड्याला 750 डॉलरवर राहायचे तर राहा, नाहीतर जा. बाकीचे राहिले. ती निघाली.

तेवढ्यात शुलबर्गनेच सांगितले की जर्मनीहून जी. डब्ल्यू. पाब्स्ट नावाचा दिग्दर्शक तिला मागतो आहे, आठवड्याला 1000 डॉलर देतो म्हणतो. पाब्स्टचे नावही न ऐकलेल्या या मुलीने तिथल्या तिथे होकार दिला.

बर्लिनमध्ये नेमके काय घडले?

तिच्या आयुष्यातले सगळ्यात चांगले काम घडले. पाब्स्ट फ्रांक वेडेकिंडच्या नाटकांवरून ‘पँडोराज बॉक्स’ करत होता आणि त्यातल्या लुलू या नायिकेसाठी कित्येक महिने मुलगी शोधत होता. हॉक्सच्या चित्रपटात त्याने लुईजला पाहिले आणि शोध संपला. होकाराची तार आली तेव्हा जर्मन नटी मार्लेन डिट्रिच त्याच्या कचेरीत बसली होती, करारावर सही करायच्या तयारीत. पाब्स्टचे म्हणणे असे की डिट्रिच वयाने मोठी आणि फार जाणती वाटली असती. तिने एक मादक कटाक्ष टाकला असता तर चित्रपटाचे हसे झाले असते. त्याला अशी लुलू हवी होती जी पुरुषांना देशोधडीला लावते, पण तिच्या मनात पाप नाही.

चित्रीकरण 1928 च्या अखेरीस झाले. पाब्स्ट तिच्याशी इंग्रजीत बोलायचा, बाकी सगळे जर्मन. तो तिला प्रसंगाची फोड करून सांगत नसे, एखाद्या हालचालीतून किंवा एका शब्दातून हवी ती भावना जागी करत असे. नाचणारी मुलगी होती, तिला हे लगेच कळे. लुलू पार रस्त्यावर आलेली असते त्या शेवटच्या लंडनच्या प्रसंगांसाठी त्याने तिचाच एक आवडता सूट मागवून घेतला आणि फाडून, तेलकट डागांनी भरवून परत दिला. ती रडली, चिडली, आणि तो सूट अंगावर चढवताच तिच्यात लुलूची अवकळा उतरली. अनेक वर्षांनी तिने हा प्रसंग लिहिला, त्यात तक्रार नाही. कपड्यांचा अभिनयावर काय परिणाम होतो याची दिग्दर्शकाला असलेली समज ती त्यातून दाखवते. तिच्या लेखणीचा स्वभाव इथे दिसतो : स्वतःचे दुःख सांगतासांगता ती कामाविषयी काहीतरी शिकवून जाते.

पाब्स्टबरोबर तिने दुसरा चित्रपटही केला, ‘डायरी ऑफ अ लॉस्ट गर्ल’. मग फ्रान्समध्ये ‘प्री द बोते’. पाब्स्टने तिला बजावले होते, तुझे आयुष्य अगदी लुलूसारखे आहे आणि तुझा शेवटही तसाच होईल. श्रीमंत मित्रांच्या गोतावळ्यात रमलेल्या बावीस वर्षांच्या मुलीने हे कानाआड केले.

तिला अभिनय येत नव्हता, असे म्हणतात ते खरे का?

1929 मध्ये बर्लिनच्या बऱ्याच समीक्षकांना तसेच वाटले. ही बाई सोसताना दिसत नाही, काहीच करत नाही, असा त्यांचा आक्षेप होता. मूकपटात हातवारे आणि डोळे वटारणे यांची सवय झालेल्या नजरेला तिचे साधे चालणे-बोलणे हा अभिनय वाटलाच नाही. लॉटे आइसनर या मोठ्या चित्रपट-इतिहासकार बाई. त्यांनी सेटवर लुईजला शोपेनहाउअर वाचताना पाहिले आणि हा प्रसिद्धीचा प्रकार असावा असे त्यांना वाटले. जर्मन सिनेमावरच्या आपल्या ग्रंथात आधी त्यांनी ती थोर कलावंत की नुसती झगझगीत सुंदर बाई, असा प्रश्न उपस्थित केला होता. पुढच्या आवृत्तीत त्यांनी तो बदलून तिच्या बुद्धीला आणि कलेला मोकळेपणाने दाद दिली.

आज चित्रपट पाहिला तर वाद उरत नाही. तिच्याभोवतीचे नामवंत नट 1929 मध्येच राहिलेत. ती काल चित्रित केल्यासारखी वाटते.

आवाज वाईट होता म्हणून बोलपटात तिची कारकीर्द संपली का?

ही स्टुडिओने उठवलेली आवई आहे, आणि दुर्दैवाने अजून छापली जाते. जर्मनीला जाण्याआधी तिने ‘द कॅनरी मर्डर केस’ मूकपट म्हणून पुरा केला होता. पॅरामाउंटला तो बोलपट करायचा होता, म्हणून तिला परत बोलावले. तिने साफ नकार दिला. मग मार्गारेट लिव्हिंगस्टनकडून तिच्या जागी संवाद बोलून घेतले आणि लुईज ब्रूक्सचा आवाज बोलपटाला चालत नाही, असे पसरवण्यात आले. 1938 चा ‘ओव्हरलँड स्टेज रेडर्स’ पाहा. जॉन वेनबरोबरच्या या वेस्टर्नमध्ये तिचा आवाज स्वच्छ आणि गोड आहे. तो तिचा शेवटचा चित्रपट, आणि त्याचे तिला 300 डॉलर मिळाले.

हॉलिवूडने नाकारले, की तिनेच संधी घालवल्या?

दोन्ही. तिच्याविषयी आस्था असलेल्यांनी हे कबूल केले पाहिजे. युरोपातून परतल्यावर कोलंबिया स्टुडिओच्या हॅरी कोनने तिला काम देऊ केले होते, ते फिसकटले. वेलमनने ‘द पब्लिक एनिमी’मधली भूमिका देऊ केली, ती सोडून ती न्यूयॉर्कला गेली, आणि ती भूमिका जीन हार्लोला मिळाली. 1932 मध्ये तिने दिवाळखोरी जाहीर केली. नाइटक्लबमध्ये जोडीने नाचण्याची कामे केली. दोन लग्ने झाली, दोन्ही थोडक्यात आटोपली. ती पिणारी होती, फटकळ होती, आणि ज्या माणसाशी काम पडेल त्यालाच तोंडावर बोलायची. पण हेच सगळे करणाऱ्या पुरुष नटांना हॉलिवूड वर्षानुवर्षे सांभाळून घेत होते, हेही तितकेच खरे.

1940 ते 1955 या काळात ती कुठे होती?

1940 मध्ये ती कॅन्ससला, विचिटाला आईवडिलांकडे परतली. तिथे नृत्यवर्ग काढला, बॉलरूम नाचावर एक छोटी पुस्तिका लिहिली. गावाला ती नको होती : मोठी झाली म्हणून आधी राग, हरून आली म्हणून नंतर राग. 1943 मध्ये पुन्हा न्यूयॉर्क. रेडिओवरच्या मालिका, प्रसिद्धीची किरकोळ कामे, मग ‘सॅक्स फिफ्थ अ‍ॅव्हेन्यू’ या दुकानात आठवड्याला 40 डॉलरवर विक्रेती. ज्यांच्याबरोबर ती जेवायला जात असे तीच मंडळी आता तिची गिऱ्हाइके होती, आणि जुन्या ओळखी तुटत गेल्या. पुढे श्रीमंत पुरुषांच्या आधारावर जगण्याची वेळ आली, हे तिने लपवले नाही. झोपेच्या गोळ्यांचा विचार मनात येऊन गेल्याचेही तिने लिहिले आहे.

याच वर्षांत ती आत्मचरित्र लिहीत होती. ‘नेकेड ऑन माय गोट’ हे नाव तिने गटेच्या ‘फाउस्ट’मधून घेतले होते. लिहून झाले आणि तिने ते जाळून टाकले.

मग तिचा पुन्हा शोध कसा लागला?

1955 मध्ये पॅरिसला आंरी लांग्लुआने सिनेमाच्या साठ वर्षांचे प्रदर्शन भरवले. लांग्लुआ फ्रेंच सिनेमाथेकचा संस्थापक होता. दर्शनी भागात त्याने दोन प्रचंड चित्रे टांगली : ‘पॅशन ऑफ जोन ऑफ आर्क’मधली फाल्कोनेत्ती आणि लुईज ब्रूक्स. ही कोण, असे लोक विचारू लागले, तेव्हा गाजलेल्या दोन नट्यांची नावे घेत तो गरजला : गार्बो नाही, डिट्रिच नाही, आहे ती फक्त लुईज ब्रूक्स!

त्याच सुमारास जेम्स कार्डने तिला न्यूयॉर्कमध्ये गाठले. रॉचेस्टरच्या जॉर्ज ईस्टमन हाउसमधला चित्रपटसंग्रह त्याच्या ताब्यात होता. 1956 मध्ये त्याच्या आग्रहावरून ती रॉचेस्टरला राहायला गेली आणि मरेपर्यंत तिथेच राहिली. संग्रहालयात बसून तिने आपले आणि इतरांचे जुने चित्रपट पाहायला सुरुवात केली. हे कुणी नीट लक्षात घेत नाही, पण माझ्या मते तिच्या आयुष्याला खरे वळण इथे लागले. आपले बहुतेक चित्रपट तिने त्यांच्या काळात पाहिलेच नव्हते. पन्नाशीच्या बाईने एका काळोख्या खोलीत आपल्या विशीतल्या मुलीला प्रथम पाहिले, आणि त्यावर विचार करायला तिच्याकडे आता वेळ होता.

पोटापाण्याचे काय?

सीबीएस या प्रसारण कंपनीचा प्रमुख विल्यम पेली तिचा जुना मित्र होता. त्याने तिला दरमहा 400 डॉलर सुरू केले, आणि ते तिला अखेरपर्यंत मिळत राहिले. चैनीला पुरे पडतील एवढे ते नव्हते, पण खोली, पुस्तके आणि वेळ त्यातून मिळाला.

तिने लिहिले काय?

चित्रपटविषयक नियतकालिकांसाठी लेख. ‘साइट अँड साउंड’, ‘फिल्म कल्चर’, ‘इमेज’ अशा ठिकाणी ते वीस-पंचवीस वर्षांत अधूनमधून येत गेले. निवडक लेख 1982 मध्ये ‘लुलू इन हॉलिवूड’ या पुस्तकात एकत्र आले. त्याची प्रस्तावना ‘न्यूयॉर्कर’चे संपादक विल्यम शॉन यांनी लिहिली. पुस्तक लहान आहे, पण त्यातला एकेक लेख स्वतंत्र बोलण्यासारखा आहे.

हम्फ्री बोगार्ट या नटावरचा लेख घ्या. पडद्यावरचा दणकट, टाकून बोलणारा बोगी सगळ्यांच्या परिचयाचा. लुईजला तो 1924 पासून माहीत होता, न्यूयॉर्कमधल्या डॉक्टरचा सुसंस्कृत मुलगा म्हणून. हा सभ्य, बुजरा तरुण स्वतःवर बोगी कसा चढवत गेला आणि शेवटी त्या कवचातच कसा अडकला, हे ती टप्प्याटप्प्याने दाखवते. ‘इन अ लोनली प्लेस’मधला एकाकी, पिणारा लेखक तिला खऱ्या हम्फ्रीच्या सगळ्यात जवळचा वाटला. बोगार्टवर ढीगभर लिहिले गेले आहे. इतक्या थोड्या पानांत इतके खोल गेलेले दुसरे काही माझ्या वाचनात नाही.

डब्ल्यू. सी. फील्ड्स या विनोदी नटाबरोबर ती ‘फॉलीज’मध्ये होती. त्याच्या हातांना इसब होते, आपण लोकांना किळसवाणे वाटू ही भीती त्याच्या मनात असायची, आणि कोवळ्या नर्तिकांना तो आपल्या खोलीत किती आदराने वागवायचा, हे ती सांगते. लगेच पुढे ती त्याच्या कलेकडे वळते : रंगभूमीवर घडलेला हा माणूस कॅमेऱ्याची आणि संकलनाची पर्वाच करत नसे, त्यामुळे पडद्यावर त्याचे नीट घडवलेले विनोद कसे तुटले.

‘गिश अँड गार्बो’मध्ये ती मूकपटांतली मोठी नटी लिलियन गिश हिच्या घसरणीची चौकशी करते. स्टुडिओंनी मोठ्या नटींची सत्ता आणि पगार मोडण्यासाठी स्वस्तात मिळालेल्या ग्रेटा गार्बो या नव्या नटीचा कसा वापर केला, असा तिचा मुद्दा आहे. शुलबर्गच्या कचेरीत जे तिच्यावर गुदरले त्याचा अर्थ तिला इथे सापडला असावा, असे वाचताना सारखे जाणवते.

आणि पेपी लेडररवरचा लेख. पेपी ही मॅरियन डेव्हिस या नटीची भाची. मॅरियनचा प्रियकर असलेल्या वृत्तपत्रसम्राट हर्स्टच्या सॅन सिमियनच्या महालात ती राहायची, लुईजची जिवलग मैत्रीण झाली, आणि 1935 मध्ये ऐन तारुण्यात तिने आत्महत्या केली. पेपीच्या नावावर एकही मोठे काम नाही. इतिहासात तिला जागा मिळाली ती लुईजने लिहिले म्हणूनच. दुसऱ्यांच्या पैशावर जगणाऱ्या हुशार मुलीचे आतून काय होते, हे लुईजला पुरते माहीत होते.

तिने पूर्ण आत्मचरित्र का लिहिले नाही?

यावर तिने स्वतंत्र लेखच लिहिला, आपण आठवणी कधीच का लिहिणार नाही या विषयावर. तिचे म्हणणे असे : माणसाचे प्रेम, वैर, लैंगिक आयुष्य कळल्याशिवाय त्याची कृत्ये कळत नाहीत. बहुतेक चरित्रे नेमके तेच गाळतात, म्हणून ती खोटी ठरतात. मला ते सत्य लिहिता येणार नाही. कारण कॅन्ससच्या धार्मिक शेतकरी मुलखाचे, म्हणजे ज्याला ‘बायबल बेल्ट’ (बायबलचा पट्टा) म्हणतात त्याचे, संस्कार माझ्यावर आहेत आणि तो पट्टा मला सोडवत नाही.

वागण्यात इतकी बेबंद असलेली बाई कागदावर इथे थांबली. काही जणांना यात पळवाट दिसते, मला प्रामाणिकपणा दिसतो. अर्धे सत्य सांगून त्यावर ‘आत्मचरित्र’ असा छाप मारणे तिला सोपे होते, प्रकाशक तयार होते. तिने त्याऐवजी इतरांवर लिहिले. बोगार्टचा एकटेपणा, फील्ड्सची लाज, पेपीचे परावलंबन हे सगळे तिच्याही वाट्याला आले होते, म्हणून ते तिला इतके स्पष्ट दिसले.

तिच्या आठवणींवर कितपत विश्वास ठेवावा?

तारखा आणि आकडे इतरत्र पडताळून घ्यावेत. ती चाळीस-पन्नास वर्षांपूर्वीचे लिहीत होती आणि तिचे रागलोभ तीव्र होते. बॅरी पॅरिस यांचे 1989 चे सविस्तर चरित्र अशा पडताळणीसाठी उपयोगी पडते. पण एखादा माणूस खोलीत शिरल्यावर कसा उभा राही, कुणाला घाबरे, कुणासमोर खोटे हसे, या बाबतीत तिची नजर फार क्वचित चुकते. शिवाय ती स्वतःलाही सवलत देत नाही.

तिची शेवटची वर्षे कशी गेली?

सांधेदुखीने आणि फुप्फुसाच्या आजाराने तिला अंथरुणाला खिळवले. 1978 मध्ये इंग्लिश नाट्यसमीक्षक केनेथ टायनन तिला भेटायला रॉचेस्टरला आला. पुढच्या वर्षी ‘न्यूयॉर्कर’मध्ये आलेल्या त्याच्या दीर्घ लेखाने ती पुन्हा घराघरांत पोचली. त्यातून पुस्तकाची वाट मोकळी झाली आणि स्वतःच्या नावाचे पुस्तक हातात घेणे तिच्या नशिबी आले. 8 ऑगस्ट 1985 रोजी हृदयविकाराने ती गेली, वय 78. तिच्या खासगी वह्या तिने ईस्टमन हाउसला दिल्या होत्या, 25 वर्षे उघडायच्या नाहीत या अटीवर. त्या 2010 मध्ये उघडण्यात आल्या.

तिचे चित्रपट आज पाहायला मिळतात का? सुरुवात कशाने करावी?

‘रोल्ड स्टॉकिंग्ज’, ‘द सिटी गॉन वाइल्ड’ यांसारखे काही कायमचे गेले. ‘नाउ वी आर इन द एअर’चा काही भाग अलीकडे प्रागमधल्या संग्रहात सापडला. पाब्स्टचे दोन्ही चित्रपट आणि ‘बेगर्स ऑफ लाइफ’ मात्र चांगल्या प्रतीत उपलब्ध आहेत.

आधी ‘पँडोराज बॉक्स’ पाहा, शक्यतो पूर्ण लांबीची प्रत. त्या काळी परदेशी सेन्सॉरने त्याची वाताहत केली होती, लुलूवर प्रेम करणाऱ्या काउंटेसला नुसती बालमैत्रीण करून टाकले होते, तसली प्रत नको. मग तिचा पाब्स्टवरचा लेख वाचा आणि चित्रपट पुन्हा लावा. दुसऱ्या वेळी लग्नाच्या प्रसंगात तिच्या पाठीकडे लक्ष द्या : चेहरा दिसत नसतानाही ती काय सांगते आहे, ते कळेल.